जनावरांनी पाप केलं नाही, मग त्यांना वेदना का? ख्रिस्ती धर्मशास्त्र काय सांगतं?

शाळेत मराठी शिकलेल्या अनेकांना एक कविता आठवत असेल. एका पक्षिणीला बाण लागतो. अंगातून रक्त गळत असताना ती कशीबशी उडत घरट्यापर्यंत पोहोचते, आणलेला शेवटचा घास पिल्लांना भरवते आणि प्राण सोडते. जाण्याआधी ती पिल्लांना धीर देते, की यापुढे देवच तुमचा सांभाळ करील.

कवितेचं नाव 'केवढे हे क्रौर्य!' आणि कवी रेव्हरंड नारायण वामन टिळक (१८६१-१९१९). कोकणात चित्पावन ब्राह्मण घरात जन्मलेल्या टिळकांनी १८९५ मध्ये मुंबईत बाप्तिस्मा घेतला आणि पुढे अहमदनगर परिसरात ख्रिस्ती धर्मसेवक म्हणून काम केलं. पुण्यासह महाराष्ट्रातल्या मराठी चर्चमध्ये त्यांची भजनं आजही गातात.

कवितेत दोष उघड आहे. बाण माणसाने मारलाय. पण पक्षिणीचे शेवटचे शब्द वाचून एखाद्या मुलाने वर्गात हात वर करून विचारलं, "सर, देव पिल्लांना सांभाळणार होता, तर मग त्याने आईलाच का नाही वाचवलं?", तर?

हा प्रश्न ख्रिस्ती धर्मशास्त्राला शेकडो वर्षं छळतोय. त्याची उत्तरं कोणी कोणी दिली, ती कुठे अडली आणि त्यातून जनावरांच्या पदरात काय पडलं, ते पाहू.

नेमका पेच काय आहे?

देव सर्वशक्तिमान आहे आणि तो प्रेमळ आहे, असं ख्रिस्ती धर्म मानतो. मग जगात दुःख का? या प्रश्नाचा अभ्यास करणाऱ्या शाखेला 'थिऑडिसी' म्हणतात. माणसाच्या दुःखाबाबत तिच्याकडे काही ठरलेली उत्तरं आहेत.

पहिलं उत्तर, माणसाला स्वतंत्र इच्छाशक्ती आहे, तिचा तो गैरवापर करतो आणि त्याची फळं भोगतो. दुसरं, दुःखातून माणूस घडतो, शहाणा होतो, देवाकडे वळतो. तिसरं, इथे सोसलं त्याची भरपाई स्वर्गात होईल.

आता ही तिन्ही उत्तरं जंगलातल्या एखाद्या हरणाला लावून बघा. हरणाने पाप केलेलं नाही, कारण पाप-पुण्य ठरवण्याची कुवत त्याच्याकडे आहे असं कोणी मानत नाही. वेदनेतून त्याचं चारित्र्य घडतं असंही म्हणता येत नाही. आणि परंपरेने त्याला स्वर्गाचं तिकीटही दिलेलं नाही.

अमेरिकन तत्त्वज्ञ विल्यम रो यांनी १९७९ मध्ये नेमकं हेच उदाहरण घेतलं. वीज पडून जंगलाला आग लागते. एक पाडस भाजतं आणि काही दिवस तडफडून मरतं. ते पाहणारं कोणी नाही, त्यातून धडा घेणारं कोणी नाही. मग या वेदनेचा उपयोग काय? रो यांचा हा युक्तिवाद देवाच्या अस्तित्वाविरुद्धच्या सर्वाधिक चर्चिल्या गेलेल्या युक्तिवादांपैकी एक आहे.

भारतीय वाचकाला इथे एक फरक लगेच जाणवेल. कर्म आणि पुनर्जन्म मानणाऱ्या परंपरा म्हणू शकतात, की या जन्मीचं दुःख मागच्या जन्मीच्या कर्माचं फळ आहे आणि पुढे दुसरा जन्म आहे. हे उत्तर पटो वा न पटो, ते उपलब्ध आहे. ख्रिस्ती धर्मात पुनर्जन्म नाही. पाडसाला एकच आयुष्य आहे आणि ते आगीत संपलंय.

बायबलमध्ये जनावरांना काय स्थान आहे?

'ख्रिस्ती धर्मात प्राणी हे माणसाच्या उपयोगासाठीच आहेत,' असं सर्रास म्हटलं जातं. त्याचा आधार 'उत्पत्ती' या पहिल्या पुस्तकात आहे. देव माणसाला समुद्रातले मासे, आकाशातले पक्षी आणि जमिनीवरच्या प्राण्यांवर सत्ता देतो.

पण त्याच अध्यायात, लगेच पुढे, देव माणसाला आणि जनावरांना अन्न म्हणून फक्त वनस्पती देतो. म्हणजे बायबलमधलं मूळ जग शाकाहारी आहे. मांस खायची परवानगी येते ती जलप्रलयानंतर, नवव्या अध्यायात, तीही रक्त न खाण्याच्या अटीवर. आणि तिथेच देव जो करार करतो तो एकट्या नोहाशी करत नाही, तारवातून बाहेर आलेल्या प्रत्येक जिवाशी करतो.

पुढच्या पुस्तकांत शेतकऱ्याच्या रोजच्या आयुष्याचे नियम येतात. आठवड्यातून एक दिवस विश्रांतीचा, आणि ती विश्रांती बैलाला आणि गाढवालाही मिळाली पाहिजे. आपल्याकडे पोळ्याला बैल जुंपत नाहीत, इथे तो नियम दर आठवड्याचा आहे. दुसरा नियम खळ्यावरचा. मळणी करणाऱ्या बैलाच्या तोंडाला मुसकी बांधू नये. ज्याने धान्य तुडवलं त्याला त्यातले चार घास खाता आले पाहिजेत.

बायबलमध्ये एक बोलणारी गाढवीही आहे. 'गणना' या पुस्तकात बलाम नावाचा माणूस गाढवीवर बसून निघालेला असतो. वाटेत तलवार घेतलेला देवदूत उभा आहे. तो गाढवीला दिसतो, बलामाला दिसत नाही. ती अडते, तो मारतो. असं तीनदा होतं. शेवटी गाढवीला वाचा फुटते आणि ती विचारते, मी तुझं काय वाईट केलं? मग देवदूत बलामाला सुनावतो, की ती अडली नसती तर मी तुला मारलं असतं आणि तिला जिवंत ठेवलं असतं.

ही गोष्ट वाचताना मराठी माणसाला ज्ञानेश्वरांचा रेडा आठवणं साहजिक आहे. पैठणला त्याच्या तोंडून वेद वदले गेले आणि त्याची समाधी पुणे जिल्ह्यातल्या जुन्नर तालुक्यात आळे इथे आहे, अशी श्रद्धा आहे. दोन परंपरा, दोन काळ. पण दोन्हीकडे ज्ञानाचा अधिकार सांगणाऱ्या माणसाला गप्प करायला एक मुकं जनावर पुढे येतं.

येशूच्या तोंडी चिमण्यांचा उल्लेख दोनदा आहे. मत्तयच्या शुभवर्तमानात एका नाण्याला दोन चिमण्या मिळतात. लूकच्या शुभवर्तमानात दोन नाण्यांना पाच. हिशोब करा, दोन नाण्यांना चारच यायला हव्यात. पाचवी वरकड आहे, मंडईत भाजीवर कोथिंबीर घालतात तशी. येशू सांगतो, की या पाचांपैकी एकीचाही देवाला विसर पडत नाही. बाजारात जिची किंमत शून्य, तीसुद्धा देवाच्या हिशोबात आहे.

अडचण एवढीच, की विसर पडत नसला तरी चिमणी विकली जातेच. मत्तयच्या शुभवर्तमानात ती जमिनीवरही पडते.

मग चर्चने प्राण्यांबद्दल कठोर भूमिका का घेतली?

याची सुरुवात बायबलमध्येच दिसते. पौलाने मळणीच्या बैलाचा नियम आपल्या पत्रात उद्धृत केला आणि विचारलं, की देवाला बैलांची काळजी आहे म्हणून हे लिहिलंय का? त्याच्या मते हा नियम कष्ट करणाऱ्या माणसाच्या मोबदल्याबद्दल होता. खळ्यावरचा बैल एका वाक्यात दृष्टांत बनला.

पाचव्या शतकात संत ऑगस्टिन यांनी 'देवाचं नगर' या ग्रंथात स्पष्ट केलं, की 'खून करू नको' ही आज्ञा जनावरांना लागू होत नाही, कारण त्यांच्याकडे विवेकबुद्धी नाही. तेराव्या शतकात संत थॉमस अक्विनास यांनी हा विचार पक्का केला. त्यांच्या मते प्राण्यांना आत्मा असतो, पण तो विचार करणारा नसतो आणि शरीराबरोबर संपतो. जनावरांशी क्रूरपणे वागू नये हे त्यांनाही मान्य होतं. कारण मात्र वेगळं. जनावरांवर क्रौर्य करायची सवय लागली, की माणूस माणसांवरही क्रौर्य करू लागतो.

या युक्तिवादातली उणीव लक्षात घ्या. यात मार बैलाला बसतो आणि काळजी मात्र मारणाऱ्याच्या चारित्र्याची आहे.

सतराव्या शतकात फ्रेंच तत्त्वज्ञ रेने देकार्त यांनी प्राण्यांची तुलना यंत्राशी केली. त्यांच्या विचारातून पुढे गेलेले धर्मगुरू निकोला मालब्राँश यांनी तर प्राण्यांना वेदना होतच नाहीत असं मांडलं. देवाच्या न्यायाचा पेच त्यामुळे एका फटक्यात सुटत होता. वेदनाच नाही, तर अन्याय कुठला? हे उत्तर आज जवळपास कोणी देत नाही. सस्तन प्राण्यांची मज्जासंस्था पाहणारं विज्ञान ते मानत नाही आणि ज्याने घरी कुत्रा पाळलाय त्याला ते सांगायची सोय नाही.

याच काळात दुसरा प्रवाहही वाहत होता. सातव्या शतकातले निनवेचे इसहाक हे सिरियाक परंपरेतले संत दयाळू हृदयाची व्याख्या करताना माणसांवर थांबले नाहीत. पक्षी, पशू, सरपटणारे जीव, इतकंच काय सैतानाच्या दूतांसाठीही जे हृदय जळतं ते दयाळू, असं त्यांचं म्हणणं. बाराव्या-तेराव्या शतकात असिसीचे संत फ्रान्सिस यांनी पक्ष्यांना प्रवचन दिल्याच्या आणि गुब्बियो गावच्या लांडग्याशी समेट केल्याच्या कथा प्रसिद्ध झाल्या. ४ ऑक्टोबर हा त्यांचा सण, आणि जागतिक प्राणी दिनही त्याच दिवशी असतो. जगभरात अनेक चर्चमध्ये या सुमारास लोक आपली पाळीव जनावरं आशीर्वादासाठी घेऊन येतात.

प्राणिदयेची संस्था काढणारा पाद्री तुरुंगात का गेला?

अठराव्या शतकातल्या इंग्लंडमध्ये चित्र बदलायला लागलं. १७७६ मध्ये हम्फ्री प्रिमॅट या अँग्लिकन धर्मगुरूंनी एक पुस्तक लिहिलं. परंपरा सांगत होती, की जनावराला स्वर्ग नाही, म्हणून त्याचं दुःख गौण. प्रिमॅट यांनी हेच वाक्य उलटं फिरवलं. माणसाला निदान पुढच्या आयुष्यात भरपाईची आशा आहे. जनावराला ती नसेल, तर त्याचं एकुलतं एक आयुष्य दुःखात घालवणं हे जास्त मोठं पाप आहे.

मेथडिस्ट चळवळीचे संस्थापक जॉन वेस्ली यांनी १७८१ च्या एका प्रवचनात त्याहून पुढची उडी मारली. सगळी सृष्टी सुटकेच्या आशेने कण्हते आहे, असं पौलाने रोमकरांना लिहिलेल्या पत्रात म्हटलंय. 'सगळी सृष्टी' म्हणजे सगळीच, असं वेस्ली म्हणाले. जनावरांनाही पुनरुत्थान मिळेल आणि इथे सोसलेल्याची भरपाई होईल. नाहीतर देव न्यायी आहे असं म्हणायचं कसं?

१८२४ मध्ये आर्थर ब्रूम या पाद्रीने लंडनच्या एका कॉफी हाऊसमध्ये बैठक बोलावली आणि प्राण्यांवरील क्रौर्य रोखणारी संस्था स्थापन झाली. गुलामगिरीविरुद्ध लढणारे विल्यम विल्बरफोर्स त्या बैठकीत होते. जनावरांना बेदम मारणाऱ्या गाडीवानांवर खटले भरायला संस्थेने पैसा खर्च केला, कर्ज झालं आणि ते फेडता न आल्याने ब्रूम यांना तुरुंगात जावं लागलं. हीच संस्था पुढे राणी व्हिक्टोरियाच्या मान्यतेने 'रॉयल' झाली.

त्याच धर्तीवरची संस्था १८७४ मध्ये मुंबईत सुरू झाली. परळचं बाई साकरबाई दिनशा पेटिट जनावरांचं रुग्णालय तिचंच, पारशी दानशूर दिनशा माणेकजी पेटिट यांच्या देणगीतून उभं राहिलेलं. एका अँग्लिकन पाद्रीने लावलेलं रोप मुंबईत पारशी पैशावर वाढलं. धर्मशास्त्राचा वाद सुटेपर्यंत जखमी बैल थांबू शकत नव्हता.

डार्विननंतर प्रश्न आणखी अवघड का झाला?

तोपर्यंत एक पारंपरिक उत्तर सगळ्यांच्या हाताशी होतं. देवाने जग चांगलं निर्माण केलं, आदाम-हव्वेने पाप केलं आणि त्यांच्या पतनाबरोबर निसर्गही बिघडला. वाघ त्यानंतर हरीण मारू लागला.

जीवाश्मांनी या उत्तराखालची जमीन काढून घेतली. पुणे ज्या काळ्या दगडावर उभं आहे तो सुमारे ६.६ कोटी वर्षांपूर्वीचा लाव्हा आहे. चंद्रपूर जिल्ह्यात पिसदुऱ्याला डायनोसॉरचे जीवाश्म सापडतात, तेही त्याच काळाच्या आगेमागे जगलेले. आधुनिक माणूस जेमतेम ३ लाख वर्षांचा. शिकार, आजार, उपासमार आणि अख्ख्या प्रजातींचा नाश हे सगळं पहिला माणूस जन्मायच्या कोट्यवधी वर्षं आधी घडून गेलं होतं. मग त्याचा दोष आदामावर कसा टाकणार?

खुद्द चार्ल्स डार्विन यांना हे बोचत होतं. १८६० मध्ये अमेरिकन वनस्पतिशास्त्रज्ञ आणि श्रद्धाळू ख्रिस्ती असलेले मित्र आसा ग्रे यांना लिहिलेल्या पत्रात त्यांनी एका परजीवी माशीचं उदाहरण दिलं. गांधीलमाशीच्या कुळातली ही माशी जिवंत अळीच्या अंगात अंडी घालते आणि पिल्लं त्या अळीला आतून खात मोठी होतात. दयाळू देवाने मुद्दाम असं काही घडवलं असेल, हे डार्विन यांना पटत नव्हतं.

आज धर्मशास्त्रज्ञ काय उत्तरं देतात?

गेल्या शतकभरात मुख्यतः चार दिशांनी प्रयत्न झाले.

एक, पतन माणसाच्या आधी झालं. 'नार्निया'चे लेखक सी. एस. लुईस यांनी १९४० मध्ये दुःखाच्या प्रश्नावरच्या पुस्तकात प्राण्यांसाठी एक अख्खं प्रकरण दिलं. माणूस येण्याआधीच बंडखोर देवदूताने, म्हणजे सैतानाने, प्राणिसृष्टी बिघडवली असावी, असा त्यांचा अंदाज. त्यावर आक्षेप असा, की यामुळे प्रश्न सुटत नाही, फक्त एक घर मागे सरकतो. सैतानाला ती मोकळीक कोणी दिली?

दोन, दुसरा मार्गच नव्हता. इंग्लंडचे ख्रिस्टोफर साउथगेट यांनी २००८ च्या पुस्तकात म्हटलं, की हरणाचा वेग, वाघाची चपळाई, माणसाची जाणीव हे सगळं घडवायला उत्क्रांती हा एकच मार्ग असावा आणि वेदना ही त्या मार्गाची किंमत आहे. पण ते तिथे थांबत नाहीत. पांढऱ्या पेलिकनची मादी बहुधा दोन अंडी घालते. दुसरं पिल्लू निव्वळ राखीव असतं. पहिलं जगलं, तर दुसरं बहुतेक वेळा घरट्याबाहेर ढकललं जाऊन मरतं. प्रजातीच्या दृष्टीने ही व्यवस्था हुशारीची आहे. त्या दुसऱ्या पिल्लाला ती काय सांगणार? म्हणून साउथगेट म्हणतात, की अशा पिल्लांसाठीही देवाकडे काही पूर्णत्व असलंच पाहिजे.

तीन, देव स्वतः त्या वेदनेत आहे. डेन्मार्कचे नील्स ग्रेगर्सन यांनी २००१ मध्ये मांडलेल्या या विचाराचा आधार योहानाच्या शुभवर्तमानात आहे. देवाचा शब्द 'देह' झाला, असं तिथे लिहिलंय. ग्रेगर्सन यांच्या मते हा देह फक्त मानवी नाही. रक्तामांसाच्या प्रत्येक जिवाशी देवाने नातं जोडलं, त्यामुळे क्रुसावरच्या वेदनेत सगळ्या जिवांची वेदना सामावते.

चार, उत्तर आपल्या आवाक्याबाहेर आहे. बायबलमधला ईयोब देवाला जाब विचारतो, तेव्हा देव त्याला कारण सांगत नाही. तो त्याला रानगाढव, शहामृग, गरुड दाखवतो. गरुडाची पिल्लं रक्त पितात हेही त्यात लपवलेलं नाही. माणूस ज्याचा मालक नाही असं एक जग आहे, एवढंच ईयोबाला कळतं.

पाळलेला कुत्रा स्वर्गात जातो का?

डिसेंबर २०१४ मध्ये एक बातमी जगभर व्हायरल झाली. पोप फ्रान्सिस यांनी कुत्रा गेल्यामुळे रडणाऱ्या मुलाला सांगितलं, की प्राण्यांनाही स्वर्ग मिळतो. अमेरिकेतल्या 'न्यूयॉर्क टाइम्स'नेही ती छापली आणि नंतर दुरुस्ती प्रसिद्ध केली. पोप असं बोलले नव्हते. मुलाचा किस्सा आधीच्या एका पोपच्या नावावर सांगितला जाणारा होता. पोप फ्रान्सिस यांनी त्याआधीच्या नोव्हेंबरमध्ये सगळ्या सृष्टीच्या नूतनीकरणाबद्दल भाषण केलं होतं, त्यातून ही बातमी फुगली.

गंमत अशी, की पुढच्याच वर्षी, २०१५ मध्ये, आलेल्या 'लाउदातो सी' या परिपत्रकात पोप फ्रान्सिस यांनी खरोखरच लिहिलं, की अनंतकाळच्या जीवनात प्रत्येक जीव तेजस्वी रूप धारण करून सहभागी होईल. माणसाने सृष्टीवर हुकूमशहासारखं राज्य करावं, हा 'उत्पत्ती'चा अर्थही त्यांनी नाकारला. मात्र तुमचा मोती तुम्हाला तिथे भेटेल का, याचं अधिकृत उत्तर कॅथलिक चर्चने आजही दिलेलं नाही.

ख्रिस्ती माणसाने मांस खावं का?

कॅथलिक चर्चच्या १९९२ च्या धर्मशिक्षण ग्रंथानुसार अन्न आणि वस्त्रासाठी प्राण्यांचा उपयोग योग्य आहे, पण त्यांना विनाकारण वेदना देणं किंवा मारणं मानवी प्रतिष्ठेला शोभणारं नाही. अक्विनास यांची सावली इथेही दिसते. प्रतिष्ठा माणसाची मोजली आहे. ब्रिटिश अँग्लिकन धर्मगुरू अँड्र्यू लिंझी यांना हे अपुरं वाटतं. प्राणी देवाचे आहेत म्हणून त्यांना हक्क आहेत, आणि येशूने दुर्बळांना अग्रक्रम दिला तसा तो त्यांनाही मिळायला हवा, अशी त्यांची मांडणी आहे. राखेचा बुधवार आणि गुड फ्रायडेला कॅथलिक लोक मांस वर्ज्य करतात, पण त्यामागचं कारण प्रायश्चित्त आहे, प्राणिदया नाही.

भारतात मात्र ताटातला प्रश्न फक्त प्राण्यापुरता राहत नाही. याचं ठळक उदाहरण म्हणजे पंडिता रमाबाई. पुण्यात आर्य महिला समाज स्थापन करणाऱ्या रमाबाई १८८३ मध्ये इंग्लंडला गेल्या आणि वाँटेज इथल्या अँग्लिकन मठात त्यांनी बाप्तिस्मा घेतला. धर्म बदलला, पण जेवण बदललं नाही. अंडं घातलेलं पुडिंगही त्या खात नव्हत्या. त्यांच्या धर्ममाता सिस्टर जेराल्डिन यांना यात जातीचा अहंकार दिसला. रमाबाईंनी पत्रातून ठाम उत्तर दिलं, की तो अहंकार वाटत असेल तर खुशाल वाटू द्या, मी माझ्या पूर्वजांच्या चालीरीती जमेल तितक्या पाळणार. पुढे पुणे जिल्ह्यातल्या केडगावला 'मुक्ती मिशन' उभारणाऱ्या रमाबाई अखेरपर्यंत शाकाहारी राहिल्या.

या वादाची दुसरी बाजू अहमदनगर आणि आसपासच्या गावांत आहे. एकोणिसाव्या शतकात तिथे ख्रिस्ती झालेली अनेक कुटुंबं महार आणि मांग समाजांतली होती. मेलेली जनावरं ओढून नेण्याचं काम गावाने त्यांच्यावर लादलं होतं आणि त्यांच्या खाण्यावरूनच त्यांना हिणवलं जात होतं. अशा घराला मांसाहारावरून दयेचा उपदेश केला, तर त्याला त्यात जुना अपमानच ऐकू येण्याची शक्यता आहे. २०१५ मध्ये महाराष्ट्रात बैल आणि वळूंच्याही कत्तलीवर बंदी आली, २०१६ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने ती कायम ठेवली, पण राज्याबाहेर कापलेल्या जनावराचं मांस बाळगण्याला गुन्हा ठरवणारी तरतूद रद्द केली. या चर्चेत जनावराची वेदना हा मुद्दा किती आणि माणसाची ओळख किती, हे वेगळं करणं सोपं नाही.

म्हणूनच भारतीय संदर्भात या विषयावर बोलताना दोन प्रश्न वेगळे ठेवावे लागतात. कोणी काय खावं, हा एक. आणि जे जनावर आपल्या हातात आहे, मग ते टांग्याचं असो, ट्रकमध्ये कोंबलेलं असो किंवा पिंजऱ्यातली कोंबडी असो, त्याला किती सोसायला लावावं, हा दुसरा. दुसऱ्या प्रश्नावर बायबलमधला खळ्यावरचा नियम आजही लागू पडतो आणि तो पाळायला शाकाहारी असावं लागत नाही.

मग शेवटी उत्तर मिळालं का?

पूर्ण समाधान करणारं नाही. ऑगस्टिनपासून साउथगेटपर्यंत प्रत्येक उत्तर कुठेतरी अडतं. पण इतिहासाकडे पाहिलं तर एक गोष्ट दिसते. ज्यांनी 'जनावराला वेदना नाही' किंवा 'असली तरी ती मोजायची नाही' असं म्हणून पेच सोडवला, त्यांच्या उत्तराने देवाचा न्याय वाचला, पण बैलाच्या पाठीवरचे फटके तसेच राहिले. ज्यांनी वेदना खरी मानली, त्यांना देवाला जाब विचारावा लागला. त्यांच्यातलेच काही कोर्टात गेले आणि एक जण तुरुंगातही गेला.

टिळकांच्या कवितेतही स्पष्टीकरण नाही. मेलेल्या पक्षिणीचं दुःख कोणत्या मोठ्या योजनेत बसतं, हे कवी सांगत नाही. पिल्लं देवाच्या हवाली होतात आणि कविता संपते. देवाने ती कशी सांभाळली, हे शोधायचं काम वाचकावर राहतं. बाण पुन्हा न मारणं, एवढं मात्र त्याच्या हातात असतं.